काउंटरच्या अलीकडे

व्हर्नाने टॉमीचा उजवा पाय दोन्ही हातांनी उचलून पायरीवर ठेवला, त्याच्या काखेत आपला खांदा दिला आणि म्हणाली,

"आता डावा. तो तुझा तू उचल. सगळं मीच करायचं का?"

टॉमी हसला. अर्धाच हसला, कारण चेहऱ्याची उजवी बाजू फेब्रुवारीपासून रुसलेली होती. डावा पाय मात्र त्याने उचलला. सकाळचे सात वाजत होते, आणि रेल्वेच्या डब्यासारखा लांबट, पोलादी पत्र्याचा तो डायनर, म्हणजे टॉमीची खाणावळ, कोवळ्या उन्हात नुकताच धुतल्यासारखा चकाकत होता. एकतीस वर्षांपूर्वी न्यू जर्सीतल्या कारखान्यातून तो दोन ट्रकांवर लादून पेनसिल्व्हेनियातल्या या हमरस्त्यावर आणला, तेव्हा टॉमी ट्रकच्या मागे चालत आला होता म्हणे. खरं नाव थनासिस. ते म्हणायला गिऱ्हाइकांची जीभ वळेना, म्हणून टॉमी.

आत आल्यावर तो सवयीने काउंटरच्या पलीकडे, शेगडीकडे वळू लागला. व्हर्नाने त्याला हलकेच अडवलं आणि दाराजवळच्या फिरत्या स्टुलावर बसवलं. काउंटरच्या अलीकडच्या बाजूला तो आजवर कधी बसला नव्हता. त्याने डाव्या हाताने काउंटरची कड चाचपली, जणू ती दुसऱ्याच कुणाच्या दुकानातली असावी.

शेगडीपाशी त्याची बायको फोतिनी होती. नवऱ्याचा एप्रन कमरेला दोनदा गुंडाळून ती बटाटे परतत होती. तिच्या मनगटावर भाजल्याचे तीन लाल पट्टे होते.

"आणलंस ना शेवटी?" ती वळूनही न पाहता म्हणाली. "त्याला थंडी बाधली तर तू बघ."

"एप्रिल संपत आला, फोतिनी."

"याच्या अंगात अजून फेब्रुवारीच आहे."

काउंटरवर दुधाचा टँकर चालवणारा ऑर्व्हिल आणि आणखी तिघे होते. ते टॉमीकडे बघून मान हलवायचे आणि पटकन आपापल्या बशीत डोकं घालायचे. अर्धांगाचा झटका आल्यापासून टॉमीचे शब्द गेले होते. कळायचं सगळं, पण तोंडातून निघायचं ते एकच, "हो." बोलायला शिकवायला येणारी बाई कपाचं चित्र दाखवायची, चमच्याचं दाखवायची, घामाघूम होईपर्यंत तो प्रयत्न करायचा आणि शेवटी म्हणायचा, "हो."

हीच तर अडचण होती. ओहायोतल्या एका जोडप्याला हा डायनर विकत हवा होता. जागा नको, नुसता डबा. ट्रेलरवर चढवून ते तो आपल्या गावी नेणार होते. त्यांना शुक्रवारपर्यंत उत्तर हवं होतं. फोतिनी रोज नवऱ्याला विचारायची, "विकायचा?" तो म्हणायचा, हो. "म्हणजे ठेवायचा?" हो. मग ती कागद पुन्हा खणात टाकायची.

"याने उभा केला," ती व्हर्नाला म्हणाली होती. "याच्या तोंडून कळल्याशिवाय मी सही करणार नाही. मग मला इथे मरेपर्यंत अंडी फोडावी लागली तरी चालेल."

व्हर्नाला ते वाक्य ऐकून बरं वाटलं होतं, आणि बरं वाटल्याची लाजही. तिला या डायनरशिवाय दुसरं होतं काय? सत्तावीस वर्षांपूर्वी ती इथे बसमधून उतरली होती ती चार महिन्यांची लेक जेनिस आणि एक पिशवी घेऊन. गालावरचा वळ झाकायला तिने रुमाल बांधला होता. टॉमीने रुमालाकडे पाहिलं नाही. त्याने तिच्यापुढे भरलेली बशी ठेवली, आणि ती खाईपर्यंत जेनिसला खांद्यावर घेऊन एका हाताने बटाटे परतत राहिला. दुसऱ्या दिवशी बटाट्यांच्या दोन पोत्यांच्या मधोमध त्याने बाळाची टोपली बसवली आणि व्हर्नाच्या हातात एप्रन दिला. "कोण, कुठली, का आलीस?" हे त्या दिवशी विचारलं नाही आणि नंतरही नाही. जेनिस आता हॅरिसबर्गला परिचारिका होती.

दार वाजलं, खिडकीशी दोन गिऱ्हाइकं येऊन बसली. व्हर्ना ऑर्डर घेऊन आली. फोतिनीला ती नेहमी साध्या शब्दांत सांगायची. आज टॉमी तिथे बसलेला असल्यामुळे असेल, पण तिच्या तोंडून आपोआप टॉमीला द्यायची ती जुनी सांकेतिक आरोळी निघाली.

"आदम-हव्वा तराफ्यावर! तराफा फोडून टाक!"

"काय?" फोतिनी उलथनं घेऊन वळली. "नीट सांग ना, बाई!"

आणि स्टुलावरून आवाज आला. खर्जातला, थोडा गंजलेला, पण स्पष्ट.

"आदम-हव्वा तराफ्यावर. फोडलेला."

स्वयंपाक्याने ऑर्डर परत म्हणून दाखवायची, ही इथली पद्धत. ऑर्व्हिलचा काटा हवेतच राहिला. शेगडीवरचे बटाटे तेवढे चुरचुरत होते.

"काय म्हणाला?" फोतिनीने विचारलं. तिचा आवाज चिरका झाला. "व्हर्ना, तो काय म्हणाला?"

"टोस्टवर दोन अंडी, ढवळून," व्हर्ना म्हणाली आणि तिने पालथ्या हाताने नाक पुसलं. ऑर्व्हिलने टोपी काढून मांडीवर ठेवली होती, देवळात बसल्यासारखी.

टॉमी स्वतःच चकित झाला होता. व्हर्नाने त्याला आणखी दोन आरोळ्या दिल्या. दोन्ही त्याने झेलल्या. सगळे हसायला लागले, ऑर्व्हिल काउंटरवर थाप मारत म्हणाला, "अरे चोरा, म्हणजे दोन महिने आम्हाला बनवत होतास!" फोतिनी एप्रनने डोळे टिपत हसत होती.

इथेच थांबलं असतं तरी चाललं असतं. सगळ्यांनी आनंदाने घरी जायचं, शुक्रवार उलटून जायचा, आणि डायनर राहायचा. पण व्हर्नाला एकदम कळून चुकलं की आता प्रश्न विचारता येईल, आणि तो विचारू शकेल असं माणूस इथे एकच आहे, ती स्वतः. तिने फडकं उचललं आणि पुसलेलीच जागा पुन्हा पुसली. मग फडकं ठेवून ती टॉमीसमोर आली.

"टॉमी," पदार्थ उरलाय का ते विचारावं तशा स्वयंपाकघरातल्या कोरड्या आवाजात ती म्हणाली, "हा डायनर. आहे, की नाही?"

टॉमीने शेगडीकडे पाहिलं. फोतिनीच्या मनगटाकडे बराच वेळ पाहिलं. आपला उजवा हात डाव्या हाताने उचलून त्याने काउंटरवर ठेवला. मग तो व्हर्नाकडे बघत म्हणाला,

"शहाऐंशी."

फोतिनी दोघांकडे आळीपाळीने पाहत होती. "काय शहाऐंशी? कसले आकडे हे?"

व्हर्नाने एक श्वास घेतला. ती काहीही सांगू शकली असती.

"पदार्थ संपला की स्वयंपाकी आतून असं ओरडतो," ती म्हणाली. "म्हणजे तो आता देऊ नका. फळ्यावरून पुसून टाका. विक म्हणतोय, फोतिनी. तुझे हात बघून म्हणतोय."

फोतिनीने शेगडी बंद केली. नवऱ्याच्या समोर येऊन तिने काउंटरवरून वाकून त्याच्या कपाळावर कपाळ टेकवलं आणि ग्रीकमध्ये काहीतरी बोलली. ते व्हर्नाला कळलं नाही, आणि कळायची गरजही नव्हती.

मे महिन्यात ट्रेलर आला आणि डबा ओहायोला गेला. व्हर्ना जेनिसकडे हॅरिसबर्गला राहायला गेली आणि दर रविवारी बसने टॉमीकडे येत राहिली. पण ते पुढचं. त्या सकाळी ती पाठ फिरवून कप विसळत उभी होती, कारण चेहरा कुणाला दाखवायचा नव्हता. तेवढ्यात मागून टकटक झाली. टॉमी शेजारच्या रिकाम्या स्टुलावर बोटाने ठोकत होता.

"मी कामावर आहे," ती म्हणाली.

त्याने पुन्हा ठोकलं. ती काउंटरला वळसा घालून आली आणि एप्रन सावरत स्टुलाच्या कडेला बसली. टॉमीने मान उंच केली आणि भर गर्दीच्या सकाळी द्यावी तशी खणखणीत आरोळी दिली,

"एक चिखल! वाळू घालून!"

फोतिनीने व्हर्नाकडे पाहिलं. व्हर्नाने एप्रनचं टोक तोंडावर धरलं होतं.

"अगं, कॉफी हवीय तिला," ऑर्व्हिल म्हणाला, "साखर घालून. एवढंही कळत नाही तुला?"

फोतिनीने स्वच्छ कप उलटा करून पुसला, काठोकाठ भरला आणि दोन्ही हातांनी व्हर्नासमोर ठेवला.