दुखायचं थांबलं तेव्हा

"आये, सोड आता. कायच दुखत नाय," शुभंकर म्हणाला, तेव्हा यमुनाबाईने त्याच्या पोटावरून तेलाचे हात उचलले.

तीन दिवस त्याला उजवीकडे, खालच्या अंगाला कळा येत होत्या. जयगडच्या बंदरात कामाला असलेला तिचा धट्टाकट्टा मुलगा पोट धरून वाकून चालत होता. त्याची बायको राजश्री पहिल्या दिवसापासून रत्नागिरीला नेऊया म्हणत होती. "बेंबी सरकलीय, दुसरा काय नाय," असं सांगून यमुनाबाईने तिला गप्प बसवलं. बेंबीवर पेटती पणती ठेवायची, वर तांब्या पालथा घालायचा आणि मग पोट चोळायचं, हे ती चाळीस वर्षं करत आली होती. तिच्या हाताला गुण आहे, हे पंचक्रोशीला पाठ होतं. स्वतःचं डोकं दुखलं की मात्र ती गुपचूप गोळी घ्यायची.

त्या संध्याकाळी शुभंकर वाटीभर पेज प्यायला. यमुनाबाईने सुनेकडे असं पाहिलं, की राजश्रीने मान खाली घातली.

सकाळी त्याचं पोट फळीसारखं कडक झालं होतं आणि अंग तापाने फणफणत होतं.

रत्नागिरीत तातडीने ऑपरेशन झालं. डॉक्टर बाहेर आले. "अपेंडिक्स फुटलंय. पू पोटभर पसरलाय. काल दुखायचं एकदम थांबलं होतं ना? तेव्हाच फुटलं असणार. पोट कुणी चोळलं होतं का?"

यमुनाबाईने तोंड उघडलं.

"नाय," तिच्याआधी राजश्री म्हणाली. "कोणी हात नाय लावला."

तिसऱ्या दिवशी शुभंकर गेला. यमुनाबाईला रडू आलं नाही. माणसं येत होती, नशिबाचे भोग म्हणत होती, आणि ती मान हलवत होती. आपल्याला काहीच का होत नाही, याचीच तिला भीती वाटत होती.

तेराव्यानंतर पाहुणे पांगले. दोघीच जेवायला बसल्या.

"डॉक्टरला खोटा का सांगितलंस गो?"

"खरा सांगून ते उठले असते?" राजश्रीने भात वाढला, त्यावर आमटी घातली. "आणि गप तर मीपण बसले ना, आई."

यमुनाबाईने भात कालवायला हात पुढे केला आणि तो ताटावरच थांबला. तो हात तोंडाशी न्यायची तिला शिसारी आली. तिने तो मागे घेऊन मांडीवर ठेवला.

राजश्री उठली. चमचा आणून तिने सासूच्या ताटात ठेवला आणि पुन्हा आपल्या पाटावर जाऊन बसली.