फेटा, पाठमोरा

वैजीने आख्ख्या वर्गाला सांगून टाकलं होतं की ती टीव्हीत दिसणार. आता ऊन साक्रीच्या डोंगराला टेकलं होतं, मुंबईहून आलेली मालिकेची माणसं आजच परतणार होती, आणि वैजीच्या टीव्हीत दिसण्याच्या आड एकच गोष्ट येत होती. तिच्या आईचा पदर.

प्रसंग साधाच. घरातून पळालेली लेक परत येते आणि गाव तिच्याकडे नुसतं बघत राहतं. नटी पारासमोर उभी. उजव्या हाताला बायका, त्यांत सगळ्यांत पुढे वैजी अन् तिची आई कमलबाई. नटीच्या अगदी मागे, पारावर, वैजीचे थोरले काका रुपचंद आबा. जागा अशी की नटीसोबत त्यांचा चेहरा येणारच. म्हणून तर आबांनी सकाळीच मिशा कोरून घेतल्या होत्या अन् लग्नाकार्यातला केशरी फेटा बांधला होता.

घोळ तिथेच झाला. नटीकडे बघायचं म्हणजे आबांकडेच बघायचं, आणि आबा पडले कमलबाईचे जेठ, नवऱ्याचे थोरले भाऊ. लग्न होऊन आल्यापासून तिने त्यांच्यापुढे तोंड उघडं ठेवलेलं नव्हतं. कॅमेरा सुरू झाला की तिचा हात आपोआप वर जाई, पदर हनुवटीपर्यंत येई, आणि त्याचं टोक वैजीच्या तोंडावर.

"कट. पुन्हा ती हिरवी साडी," दिग्दर्शक वैतागला.

गर्दी जमवायचं काम धुळ्याच्या सुकदेवकडे होतं. तो घाम पुसत आला. "कमल अक्का, पावडर काय पदराला लावली का? आता परत झालं तर मायलेकी दोघी मागे, बैलगाडीच्या आड. ऊन चाललं, शिव्या मला बसताहेत."

वैजी आईकडे वळली. "माय, काब्र झाकस वं तोंड?"

"जेठ बशेल शेतस ना समोर."

"आते त्या जेठ नहीत. नाटकमधला गावकरी शेतस."

"आनि मी काय नाटकमधली देरानी शे का? हात काय माले इचारीसन जास?"

बायका पदरात तोंड खुपसून हसल्या. पारावर आबांना हे सगळं ऐकू गेलं. पण भावजयीशी थेट बोलायची रीत त्यांचीही नव्हती. ते नुसते मिशीवर बोट फिरवत राहिले.

"शांतता. चालू."

नटीने मान वर केली. वैजी नटीकडे बघत राहिली. डोळ्यांच्या कोपऱ्यातून तिला आईचा हात दिसला. कमरेवरून निघाला, छातीशी आला, पदराचा काठ चिमटीत धरला. गेलं, वैजीला वाटलं, गेलं सगळं.

तेवढ्यात पारावर आबा उठले. नटीकडे, गावाकडे, कॅमेऱ्याकडे, सगळ्यांकडे त्यांनी सावकाश पाठ केली आणि तसेच उभे राहिले.

कमलबाईची चिमटी सुटली. हात खाली आला. तोंड उघडं, डोळे नटीवर.

सुकदेव कपाळाला हात लावून दिग्दर्शकाकडे बघत होता. दिग्दर्शक कॅमेऱ्याच्या पडद्यावर वाकला. मग म्हणाला, "कट. हेच पाहिजे होतं. गावातल्या मोठ्या माणसाने पाठ फिरवली. त्या म्हाताऱ्याला कोणी सांगितलं हे?"

कोणीच सांगितलं नव्हतं.

घरी जाताना आबा पुढे, मागे वैजी, तिच्या मागे पदर ओढून कमलबाई.

"वैजे," आबा मागे न बघता म्हणाले, "तुनं तोंड इनं ना बराबर?"

"इनं आबा. पन तुमनं..."

मागून पदरातून हळूच आवाज आला. "सांग त्यास्ले, फेटा मांगतून बी झकास दिखना."

वैजीने निरोप दिला. आबांनी चालता चालता फेट्याचं शेपूट पाठीवर नीट केलं.