टेकाडाच्या विटा

वस्तीमागचं विटांचं टेकाड म्हणजे दोन हजार वर्षांचा बौद्ध स्तूप, असं फिल्मवाल्यांनी सांगितलं, तेव्हा विशाखाला अभिमान वाटला. पण घटकाभरच. माहितीपट काढायला माणसं पुण्याची, अन् त्यांना फिरवणारी जीप गावच्या सोसायटीच्या चेअरमनची कशापायी? वस्तीला चार दिवसांआड टँकर पाठवणारे चेअरमन भगवानराव फिल्मवाल्यांसाठी पाण्याच्या बाटल्यांचे खोके घेऊन आले होते.

लेकराला कडेवर घेऊन ती दारात आली, तर कॅमेरा तिच्याच घराच्या जोत्यावर रोखलेला. हातभर लांब, चपट्या विटा. बाहत्तरच्या दुष्काळात रस्त्याच्या कामासाठी टेकाड खणलं, तेव्हा सासूनं, भिमाबाईनं, त्या डोक्यावरून आणल्या होत्या.

"आजी, या विटा कुठल्या, तेवढं सांगा," डायरेक्टर म्हणाला.

"सांगती की! मला कुणाचं भ्याव हाय?" भिमाबाईनं पदर सारखा केला.

"आत्याबाई, थांबा." विशाखा आडवी आली. "साहेब, ह्या बोलल्या की उद्या सरकारी नोटीस येईल. बुद्धाचा स्तूप बौद्धांनीच फोडला म्हणतील, अन् आमचं घर पाडतील. तुम्ही तेव्हा पुण्यात."

भगवानराव हसले. "सूनबाई लई शिकली ना! संशयच जास्ती."

"व्हय, चेअरमन. गोदामाचं जोतं दाखवलं का यांना?"

"कुठलं गोदाम?" डायरेक्टरनं वळून विचारलं.

"सोसायटीचं. ते बंद हाय. चावी सेक्रेटरीकडं," भगवानराव घाईनं म्हणाले.

"जोतं बाहेरून दिसतं. चावी काय करायची?" विशाखा म्हणाली.

भिमाबाईला राहवलं नाही. "आगं, मी आणल्या शंभरेक. तिकडं गोदामाला म्हैनाभर बैलगाड्या चालल्या! या चेअरमनचाच बाप मुकादम व्हता कामावर. रस्ता तर अजून न्हाई झाला."

डायरेक्टरनं कॅमेरामनला खूण केली. गोदाम दाखवायला इतक्या लवकर कसा तयार झाला हा? विशाखाला तेही खटकलं.

"आत्याबाई बोलतील," ती म्हणाली, "पण गोदामापाशी उभ्या राहून."

भगवानरावांनी जीप काढली नाही. सगळे उन्हातून चालत गेले. भिमाबाई जोत्याला टेकून उभी राहिली. विशाखानं लेकराला दुसऱ्या कडेवर घेतलं, कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यात वाकून पाहिलं.

"वरचा बोर्ड येत न्हाई यात."

कॅमेरामननं चेअरमनकडं पाहिलं, मग डायरेक्टरकडं. कॅमेरा मागं सरकवला. तिनं पुन्हा वाकून पाहिलं. सोसायटीचं नाव, खाली विटा, मधे सासू.

"बोला आता, आत्याबाई."