जन्मालाच न आलेल्या तात्यांचा चेहरा

मित्रांनो, माझ्या अंगावर ज्याचा चेहरा आहे तो माणूस कधी जन्मालाच आला नाही. मी छापखान्यातला एक जुना ब्लॉक आहे. ब्लॉक म्हणजे लाकडाच्या ठोकळ्यावर ठोकलेला जस्ताचा पत्रा. त्यावर चित्र उलटं कोरलेलं असतं. शाई लावून कागदावर दाबलं की ते सुलटं उमटतं.

माझं चित्र काढायला सांगितलं तेव्हा चित्रकार गोंधळला. माणूसच नाही, मग काढायचं कुणाला? त्याने मिशा दरवानाच्या घेतल्या, कपाळ मालकांचं घेतलं आणि चष्मा स्वतःचाच काढला. असे तयार झाले ‘तिरसट तात्या’. दैनिकाचे अग्रलेख त्यांच्या नावाने छापायचे होते.

ते लिहिणाऱ्या बाई मात्र हाडामांसाच्या होत्या. आधी त्या प्रुफं तपासायच्या. त्यांचे दोन लेख वाचून मालक म्हणाले होते, “लिहिता झकास. पण बाईमाणसाने कान उपटले तर लोकांना झोंबतं. म्हाताऱ्याने उपटले तर आशीर्वाद वाटतो. म्हाताऱ्याच्या नावाने लिहा. आणि घरीसुद्धा बोलायचं नाही.”

बाईंनी अट मान्य केली, कारण त्यांना लिहायचं होतं.

अकरा वर्षं मी रोज चौथ्या पानावर बसलो. अक्षरं जुळवणारा जुळारी मला केरोसीनच्या बोळ्याने पुसायचा आणि म्हणायचा, “काय तात्या, आज कुणाच्या नावाने शंख?” तात्या म्हणजे बाई, हे मालक, जुळारी आणि मी, एवढ्यांनाच ठाऊक होतं. तात्यांना पत्रांचे ढीग यायचे. गुडघे दुखतात असं तात्यांनी लिहिलं, तर चौघांनी तेलाच्या बाटल्या पाठवल्या. लग्नपत्रिका यायच्या, त्याही सहकुटुंब. बाई सगळ्या पत्रांना उत्तरं लिहायच्या आणि खाली तात्यांची सही करायच्या.

एकदा त्या जुळाऱ्याला म्हणाल्या, “काल आमचे बाबा मला म्हणाले, प्रुफांत नुसत्या दुसऱ्यांच्या चुका काय शोधतेस, त्या तात्यांकडून काहीतरी शीक.”

जुळारी पोट धरून हसला. बाई हसल्या नाहीत.

मग नवं यंत्र आलं. त्याला धातूचे ब्लॉक लागत नव्हते. मला भंगाराच्या खोक्यात टाकलं. माझ्यावर आगगाडीचा एक ब्लॉक पडला, त्याच्यावर कुठल्याशा नटीचं अर्धं तोंड. तात्यांचा चेहरा कागदावर रोज उमटतच होता, फक्त त्यासाठी माझी गरज उरली नव्हती. तिथे मला पहिल्यांदा कळलं, की इतकी वर्षं मला कुणी हाक मारलीच नव्हती. हाका तात्यांना होत्या.

त्याच आठवड्यात तात्यांच्या नावाने एक पत्र आलं. बाईंनी पाकीट फोडलं, अक्षर पाहिलं आणि त्या खाली बसल्या. पत्र त्यांच्या वडिलांचं होतं. बाईंनी ते जुळाऱ्याला वाचून दाखवलं, म्हणून मीही ऐकलं.

‘तुम्ही माझ्या वयाचे दिसता, म्हणून विचारतो. घरी मी आणि मुलगी, दोघंच. ती कामावरून येते, जेवण वाढते, पण बोलत नाही. मलाही काय विचारावं ते सुचत नाही. तुम्हाला मुलगी असती तर तुम्ही काय केलं असतं?’

“द्या उत्तर,” जुळारी म्हणाला. “तात्यांना काय अवघड आहे?”

“उत्तर तात्यांनी दिलं, तर बाबा आणखी तात्यांचेच होतील,” बाई म्हणाल्या. मग त्यांनी खोक्यात हात घातला, आगगाडी बाजूला सारली आणि मला पिशवीत टाकून घरी नेलं.

त्यांनी मला जेवणाच्या टेबलावर ठेवलं. बाबांनी चष्मा वर केला.

“हे तर तात्या! पण उलटे का?”

“ब्लॉक असाच असतो, बाबा.”

“तुझ्याकडे कसा?”

“तुमचं पत्र मला मिळालं.”

“तुला? मी तात्यांना लिहिलं होतं.”

“तात्या कुणी नाहीत. अकरा वर्षं ते सगळं मी लिहितेय.”

बाबा बराच वेळ माझ्यावरून अंगठा फिरवत राहिले. “आणि ते गुडघे?”

“तुमचेच.”

ते हसतील असं मला वाटलं होतं. बाईंनाही वाटलं असावं. पण बाबा म्हणाले, “माझ्या वयाचं कुणी उरलं नव्हतं गं. एक तात्या होते.” आणि ताट तसंच सोडून ते आतल्या खोलीत गेले.

त्यानंतर आठ दिवस त्या घरात वर्तमानपत्राची घडी मोडली गेली नाही. बाई रोज अंक टेबलावर ठेवायच्या आणि उडू नये म्हणून त्यावर मला ठेवायच्या. माझ्याच चेहऱ्याचे आठ अंक माझ्याखाली साचले. बाबा तिकडे पाहायचेसुद्धा नाहीत. बाई चहा ठेवायच्या आणि ‘येते’ एवढंच म्हणून निघायच्या.

नवव्या सकाळी बाबांनी मला उचलून बाजूला ठेवलं. आठही अंक ओळीने वाचले. बाई चपला घालत होत्या.

“मंगळवारचा दुसरा परिच्छेद,” बाबा म्हणाले. “तात्या तिथे भ्याले.”

बाई दारातच थांबल्या. “तात्या नाही. मी भ्याले.”

“तेच म्हणतोय. मालकांना?”

“हो.”

“पहिला परिच्छेद वाघासारखा, आणि दुसऱ्यात एकदम ‘असो’? असो काय, असो?” बाबांचा आवाज चढला. “ये, बस इथे. आज काय लिहिणार आहेस?”

“बाबा, उशीर होतोय.”

“होऊ दे. आधी मला सांग, मग गावाला.”

बाईंनी चपला काढल्या.

आता रोज सकाळी तिथे भांडण असतं. कागदावर नाव अजून तात्यांचंच आहे, पण बाबा म्हणतात, “इथे तू चुकलीस.” तात्यांचं नाव घेत नाहीत.

मित्रांनो, मी खिडकीत आहे. माझ्याकडे कुणी पाहत नाही आणि जस्तावर पांढरा थर चढतो आहे. तुमच्या घरी माझ्यासारखं काही पडलं असेल, तर कधीमधी कोरड्या फडक्याने पुसत जा. पण त्याआधी, घरातलं जे माणूस चपला घालून निघालं आहे, त्याला दोन मिनिटं बसवून घ्या. मी थांबेन. मला सवय आहे.