लतिकाआत्याचा शॉट

‘सर, तुम्ही आमच्या लतिकाआत्याला कट म्हणायचे राहिलात, ते चुकून की मुद्दाम?’

हा प्रश्न मी शाळेच्या स्नेहसंमेलनात, भरलेल्या सभागृहात, माईक हातात घेऊन विचारला. प्रमुख पाहुणे होते प्रभंजन रेगे. ज्यांचे सिनेमे आईबाबांनी रांगा लावून पाहिले आणि ज्यांच्या चॅनेलवरच्या मालिका आमची अख्खी सोसायटी जेवताना बघते, ते. माझी हिंमतच होणार नाही, अशी माझ्या मैत्रिणींनी, जुईली आणि निदा या दोघींनी, पैज लावली होती. गेल्या वर्षी झालीही नसती. तेव्हा हजेरीला ‘उपस्थित’ म्हणतानाही मला घाम फुटायचा. पण यंदा नववीत वक्तृत्वाचा करंडक आणला आणि तेव्हापासून मी सुटलेच आहे.

रेगेसाहेबांनी जरा विचार केला.

‘चुकून,’ ते म्हणाले. ‘फोन आला होता.’

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मुख्याध्यापिकाबाईंनी त्यांना शाल दिली.

लतिकाआत्या बाबांची मोठी बहीण. माझ्या जन्माच्या कितीतरी आधीपासून ती एका शॉटमध्ये उभी आहे. रेगेसाहेबांच्या सिनेमाचा मुहूर्त होता. नारळ फुटला, गणपतीच्या तसबिरीला हार घातला, कोणीतरी ॲक्शन म्हणालं. नायिकेच्या बहिणीचं काम करणारी आत्या ओवाळणीचं ताट घेऊन दारात आली, ‘आलात?’ म्हणाली आणि हसली. रेगेसाहेबांच्या कंपनीत एक पद्धत होती. मुहूर्ताच्या शॉटला कट दिग्दर्शकानं म्हणायचं नाही, निर्मात्यानं, म्हणजे रेगेसाहेबांनीच म्हणायचं. ते शुभ असतं. नेमका तेव्हाच त्यांना फोन आला की आमच्या चॅनेलचे प्रमुख व्हा. ते बोलत बोलत बाहेर गेले आणि परत आलेच नाहीत. सिनेमा डब्यात गेला. बाकीच्यांनी दिवे उतरवले, वायरी गुंडाळल्या. आत्या हसत राहिली.

बाबांनी तिला टेंपोतून उभीच घरी आणली. तेव्हापासून ती आमच्या हॉलमध्ये, खिडकीशेजारी असते. तिच्यावर डावीकडून उजेड पडतो, पण त्या उजेडाचा दिवा आमच्या घरात कुठेच नाही. वीज गेली की मी तिथे बसून अभ्यास करते.

आई त्या सिनेमात सगळ्यांचे केस बांधायला होती. आत्याच्या अंबाड्यातल्या पिना कंपनीच्या होत्या, त्या परत न्यायला ती आमच्या घरी आली. पिना निघेनात. ती पुढच्या रविवारी पुन्हा आली, मग त्याच्या पुढच्या. शेवटी तिनं बाबांशी लग्नच केलं. लग्नाच्या फोटोत दोघांच्या मध्ये आत्या ताट घेऊन उभी आहे.

व्यासपीठावरून उतरल्यावर रेगेसाहेब माझ्यापाशी थांबले.

‘नाव काय तुझं?’

‘शाल्मली कारखानीस.’

‘शनिवारी ऑफिसात ये. शाळा अर्धी असेल ना?’

त्यांचं ऑफिस म्हणजे एकच खोली आहे, पण ती त्यांच्या कारकिर्दीइतकी लांब आहे. दाराशी खळीचा वास येत होता. तिथे माझ्यापेक्षा थोडाच मोठा असलेला एक रेगे भिंतीवर सिनेमाचं पोस्टर चिकटवत होता.

‘साहेबांनी बोलावलंय?’ त्यानं ब्रश न थांबवता विचारलं.

‘हो.’

‘मग सरळ जा. पुढे मीच आहे.’

पुढे फिल्मच्या डब्यांचे ढीग होते. तिथला रेगे फोनवर कुठल्याशा टॉकीजवाल्याला ओरडत होता, ‘अहो, हिरोईन बुडायच्या आधीच मध्यांतर करता, मग लोक घरी जाणारच!’ त्याच्यापुढे निर्मात्याचं टेबल होतं. वाळलेले हार, चंद्रकोरीसारखा नारळाचा तुकडा. खुर्ची रिकामी होती. फोनचा रिसीव्हर टेबलावरून खाली लोंबकळत होता आणि हळूहळू गोल फिरत होता. हा रेगे जागेवर नव्हता.

तिथून पुढे टीव्हीच टीव्ही. सगळ्यांवर सासवा, आवाज बंद. गालिचा जाड होत गेला, माझे बूट त्यात रुतायला लागले. कोटातले रेगे एकामागून एक येत होते, प्रत्येक जण आधीच्यापेक्षा जाड, आणि कोणीही मान वर करत नव्हता. सगळ्यात शेवटी, जिथे खिडकी असायला हवी होती तिथे, शाळेत आलेले रेगेसाहेब बसले होते.

‘सर, आत्ता म्हणून टाका ना,’ मी म्हणाले. ‘मी घरी फोन लावते, स्पीकरवर.’

‘तो शब्द माझ्याकडे नाही. मधल्या टेबलावर राहिला.’

‘मग आणा की!’

‘मला मागे जाता येत नाही. ही खोली पुढेच वाढते.’ त्यांनी त्यांचा चहा माझ्याकडे सरकवला. तो गार होता. ‘आणि चॅनेलवर कोणी काही थांबवत नसतं, बाळ. नायिका सोडून गेली तर दुसरी आणायची. गोष्ट संपली तर तिच्या मुलीची सुरू करायची. इथे आल्यापासून मी एकही गोष्ट संपवलेली नाही. हे सगळे पुरस्कार त्याचेच आहेत.’

पुरस्कार छतापर्यंत होते. वरचे दिसत नव्हते.

‘जाताना तू घेऊन जा तो शब्द,’ ते म्हणाले. ‘पण म्हणण्याआधी विचार कर. कट म्हटलं की ॲक्शननंतर सुरू झालेलं सगळं थांबतं. मग पॅकअप.’

‘सगळं म्हणजे?’

‘तुझ्या आईबाबांचं लग्न आधीचं की नंतरचं?’

‘नंतरचं. पिना निघत नव्हत्या म्हणून तर झालं.’

‘मग ते. आणि तू.’

हे त्यांनी अगदी साधं सांगितलं, उद्या सुट्टी आहे म्हणून सांगतात तसं. मी ‘थँक्यू सर’ म्हणाले. दुसरं काय म्हणणार?

परत येताना निर्मात्याच्या टेबलावर बघितलं. शब्द तिथेच होता, फोनच्या मागे, खडीसाखरेएवढा. मी तो गालात ठेवला. शाळेत लोहाच्या गोळ्या देतात ना, तशी चव होती.

सोमवारी जुईलीनं डबा उघडल्या उघडल्या विचारलं, ‘काय गं, आज मूग गिळून बसलीयेस? तू? आजारी आहेस का?’

मी गाल सांभाळत सगळं सांगितलं.

‘अजिबात म्हणू नकोस हं,’ जुईली म्हणाली. ‘मला अजून दहावी करायचीय. कॉलेजला जायचंय. केस कापायचेत.’

‘म्हणून टाक,’ निदा म्हणाली. ‘शुक्रवारी भूमितीचा पेपर आहे.’

जुईली हसली नाही. तिनं डबा बंद केला आणि सुट्टी संपेपर्यंत माझा हात धरून बसली. एरवी ती कोणाचाच हात धरत नाही.

त्या दिवशी घरी आले तर आमच्या इमारतीला मागची बाजू नव्हती. पुढची भिंत होती तशीच होती, तिला मागून लाकडी टेकू दिले होते. लिफ्ट चालू होती.

‘शॉट संपत आला ना, की असंच करतात,’ आई म्हणाली. तिला सेटवरचं सगळं माहीत आहे. ‘फ्रेममध्ये जे नाही ते आधी उचलायला लागतात.’

बुधवारी बेडरूम गेली. आम्ही गाद्या हॉलमध्ये आणल्या. मग स्वयंपाकघर गेलं, तेव्हा आईनं शेगडी आधीच बाहेर काढून ठेवली होती. दोन्ही बाजूंच्या भिंती आत्याकडे सरकत होत्या. टीव्हीवर रेगेसाहेबांच्या चॅनेलची मालिका लागलेली असायची. मग टीव्हीची भिंतही गेली. आता उरलं होतं ते तिच्यावर उजेड पडायचा तेवढंच, आणि त्यात आम्ही तिघं मांडीला मांडी लावून बसायचो.

इतक्या जवळून मी आत्याकडे कधीच बघितलं नव्हतं. आपण रोजच्या माणसाकडे कुठे बघतो? तिचे ओठ हसत होते, पण हनुवटी थरथरत होती. अगदी बारीक, न थांबता. मनगटाच्या शिरा ताटाच्या वजनानं टरारल्या होत्या. मी तिच्या गालाला हात लावला तर तो दगडासारखा कडक लागला. इतकी वर्षं मी तिच्या उजेडात बसून बेरजा केल्या, आणि तिला दुखतंय हे मला ठाऊकच नव्हतं.

‘बाबा, तिला दुखतंय.’

‘माहितीये,’ ते म्हणाले. ‘तू झालीस त्या दिवशी मी रेगेसाहेबांच्या ऑफिसच्या दारापर्यंत गेलो होतो. म्हटलं, आता बोलावंच. मग परत आलो.’

‘का?’

‘तुझं बारसं करायचं होतं.’

‘अहो, पोरीसमोर काय बोलता?’ आई म्हणाली. तिनं पोळी उलटली. पोळी टम्म फुगली आणि तशीच राहिली, खाली बसेना. ‘शाल्मली, जेवून घे आधी. आणि त्या गालातलं काढून ठेव वाटीत, जेवताना चुकून बोलशील काहीतरी.’

‘काढून ठेवता येत नाही, आई. मी बघितलं.’

‘मग गप्प राहा. जमतंय की तुला. दहा-बारा वर्षं राहिलीच होतीस गप्प.’

‘आता नाही जमत,’ मी म्हणाले, आणि ते खरंच होतं.

आईनं गॅस बंद केला. पदर खोचला, आत्याच्या मागे जाऊन उभी राहिली आणि अंबाड्यातल्या पिनेला हात घातला. पीन निघाली नाही. पण पहिल्यांदाच थोडी हलली. आई माझ्याकडे बघायला लागली. आधी माझ्या वेणीकडे, मग कपाळाकडे, मग हनुवटीकडे, जसं केस बांधून झाल्यावर एकदा लांबून बघतात तसं.

भिंत माझ्या पाठीला टेकली.

‘आई, बाबा,’ मी उभी राहिले आणि भाषणाच्या आधी घेते तसा मोठा श्वास घेतला. ‘माझं ठरलंय. मी म्हणणार आहे.’

बाबांनी पुढे होऊन आत्याच्या ताटाखाली दोन्ही हात धरले.