लिंबाखालचं शून्य

मी एक जुनी लोखंडी चौकट आहे. मित्रांनो, चौकट म्हटल्यावर तुम्ही लगेच दाराकडे बघाल. मी दाराची नाही, फोटोचीही नाही. हे आधीच सांगते, कारण आजवर मला कुणी मोडक्या खाटेचा तुकडा समजलं, कुणी खुराड्याचं झाकण, आणि ते ऐकून ऐकून माझे कान किटले आहेत. मी गवत मोजायची चौकट आहे.

परभणीतल्या एका वेल्डिंगच्या दुकानात माझा जन्म झाला. लांबी एक मीटर, रुंदी एक मीटर, अंगावर दहा-दहा सेंटिमीटरचे लाल-पांढरे पट्टे. सर्वेक्षणाच्या ऑफिसातले दिनकरराव टेप घेऊन दुकानात उभे होते. एक कोपरा जरासा तिरका झाला तेव्हा त्यांनी तो तोडून पुन्हा जोडायला लावला. वेल्डर वैतागला, पण दिनकरराव हलले नाहीत. मला ते तेव्हाच आवडले.

माझं काम सोपं आहे. मला गायरानात जमिनीवर ठेवायचं आणि माझ्या आत काय उगवलंय ते मोजायचं. कोणतं गवत, किती, उघडी माती किती. बाहेर कितीही हिरवं असो, ते धरायचं नाही. वर्षातून दोनदा, प्रत्येक वेळी दहा जागा. त्या जागा चिठ्ठ्या टाकून ठरायच्या. माणसाला जागा निवडू दिली की तो आपल्या सोयीची निवडतो, असं दिनकरराव म्हणत. त्या आकड्यांवरून वरचे साहेब ठरवायचे की कुठं चराई बंद ठेवायची, कुठं पाणी अडवायला चर खणायचे आणि कुठं जमिनीला तिच्या वाटेनं जाऊ द्यायचं.

चुडाव्याच्या पुढच्या एका गावाचं गायरान माझ्याकडे होतं. दिनकरराव गुडघे टेकून, चष्मा सावरत एकेक काडी मोजत. मारवेल, पवन्या, शेडा, कुसळी, हरळी ही नावं मी त्यांच्याच तोंडून शिकले. काम झालं की रुमालानं माझी माती पुसून म्हणत, "शहाणी आहेस." तेवढ्यावर मला सहा महिने जात.

ते निवृत्त झाले आणि माझे भोग सुरू झाले. त्यांच्या जागी महारुद्र आले. गडी जीपमधून यायचा आणि रस्त्याकडेच्या लिंबाखाली जीप उभी करायचा. तिथंच सावलीत मला ठेवायचा, बघायचा आणि लिहायचा. मग पायानं मला दोन हात सरकवायचा आणि दुसरी जागा म्हणून पुन्हा लिहायचा. असं दहा वेळा! अहो, त्या लिंबाखाली दुपारभर शेळ्या बसतात. तिथं गवताची काडी तरी राहील का? पुढं शंभर पावलांवर पवन्या कमरेइतका डोलत होता. पण त्यासाठी चालावं लागलं असतं आणि बुटाला कुसळं लागली असती. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हेच. अशी पाच वर्षं गेली. लोखंडाला तोंड नसतं, नाहीतर मी त्या जीपला चावले असते.

उरलेला काळ मी पिंगळीच्या सरकारी क्वार्टरच्या मागं पडून होते. माझ्यावर कुणी कुरडया वाळवल्या, कुणी मला फुटक्या कूलरला टेकू दिला. गंज चढला. त्याचंही दुःख नव्हतं एवढं. दुःख त्या वहीचं होतं, कारण तिच्यात माझ्या नावावर शंभर शून्यं चढली होती.

शेवटी व्हायचं तेच झालं. गायरान साफ पडीक आहे, असा कागद निघाला. दिवाळीनंतर जेसीबी आणून सगळीकडे चर खणायचे, रोपं लावायची, तारेचं कुंपण घालायचं आणि पाच वर्षं चराई बंद. मित्रांनो, झाडांशी माझं वैर नाही. पण जिथं गवतानं माती घट्ट धरून ठेवली आहे, तीच उकरून काढायची म्हणजे काय म्हणावं!

गावात कडूबाई नावाची म्हातारी होती. तिला जमीन नव्हती. चौदा शेळ्या होत्या, आणि त्या याच गायरानावर जगत. कागद ऐकून ती सरपंच बालाजीरावांच्या दारात जाऊन बसली. "शेळ्या काय हवेवर जगत्याल व्हय? गायरानात गवत न्हाई म्हनतो कोन? त्याला म्हनावं, माझ्यासंगं चाल." बालाजीराव माणूस भला. त्यांनी अर्ज केला आणि ऑफिसनं एकदाच पुन्हा मोजणी मान्य केली.

मोजायला आली धम्मशीला. नवी नोकरी, पण नजर दिनकररावांची. पिंगळीहून मला खांद्याला अडकवून ती रेल्वेनं आली. डब्यात तिला तिघांनी विचारलं, "खुराडं करायलाव का, मॅडम?" सोडा तो विषय. तिनं चिठ्ठ्यांप्रमाणे दहा जागी खुंट्या ठोकल्या, बालाजीरावांना सांगितलं, "इथं उद्या मोजणी आहे, लक्ष ठेवा," आणि परत गेली.

दुसऱ्या दिवशी आम्ही आलो आणि मी कपाळाला हात लावला असता, कपाळ असतं तर. मॅडम येणार म्हणून बालाजीरावांनी दहाही जागा विळ्यानं साफ करून घेतल्या होत्या. झाडून, सडा शिंपडून, खुंटीभोवती रांगोळी! गवताची पाती औषधाला शिल्लक नव्हती. आणि बालाजीराव हार घेऊन हसतमुखानं उभे.

"मॅडम, एकदम चकाचक केलंय. लक्ष ठेवा म्हनलं व्हतं न्हाई का तुमी?"

धम्मशीलानं मला खांद्यावरून खाली टेकवलं. कडूबाई मात्र विस्तवासारखी फुलली. "पाव्हनी येनार म्हनून घर झाडत्यात, गायरान न्हाई! ज्याच्यापाई तिला बलावलं, त्येच कापून टाकलं! आता काय रांगोळी मोजंल का ती?"

बालाजीरावांचा चेहरा पडला. ते हळूच म्हणाले, "मंग मॅडम, तिकडं ठेवा की चौकट. तिकडं लय दाट हाय." कडूबाईनंही तेच धरलं. धम्मशीलाचा हात ओढून म्हणाली, "चल माय, मी दावते. माझ्या शेळ्या बी दिसत न्हाईत एवढं गवत हाय."

"नको मावशी," धम्मशीला म्हणाली. "आधीच्यांनी त्यांच्या सोयीची जागा धरली, आपण आपल्या सोयीची धरायची? मग फरक काय राहिला? वरचे साहेब तपासायला येणार आहेत. एक आकडा खोटा निघाला तर बाकीचे नऊ कोण मानेल?"

तिनं वहीचा कागद फाडून नव्या चिठ्ठ्या केल्या. प्रत्येकीवर दिशा आणि पावलं. त्या जेवणाच्या डब्यात टाकल्या आणि डबा कडूबाईपुढं धरला. जागा का बदलल्या ते वहीत लिहून बालाजीरावांची सही घेतली.

पहिलीच चिठ्ठी मुरमाड उंचवट्यावर निघाली. माझ्या आत नुसते खडे. धम्मशीलानं शून्य लिहिलं. कडूबाई फणकारली, "दोन पावलं सरक की! हितं खाली मारवेल हाय." धम्मशीला सरकली नाही. कडूबाईनं तोंड फिरवलं, पण चिठ्ठ्या काढत राहिली. दुसरी जागा पवन्याची, तिसरी मारवेल आणि शेडा, चौथी कुसळीची. कडूबाई नावं सांगायची, धम्मशीला गुडघ्यावर मोजायची. कितीतरी वर्षांनी माझ्या कांबींना ओलं गवत लागत होतं. मी रडले असते, पण गंज वाढला असता. सहावी जागा पुन्हा उघडी निघाली. तेव्हा कडूबाईनं डब्यातून सरळ पुढची चिठ्ठी काढली.

दहावी चिठ्ठी निघाली ती नेमकी लिंबाकडची. धम्मशीलानं मला तिथं ठेवलं आणि पेन हातात घेतलं. बालाजीराव दुसरीकडं बघू लागले. कडूबाई माझ्याजवळ बसली. तिनं तळहातानं माती चाचपली, दोनदा चाचपली. चौदा शेळ्यांचं पोट त्या वहीत होतं.

"शून्य," ती म्हणाली. "लिव्ह माय. माझ्याच शेळ्या बसत्यात हितं."

पंधरा दिवसांनी साहेब आले. त्यांनी वही उघडली आणि सगळ्यात आधी लिंबाखालीच गेले. शून्य जुळलं. मग मुरमावर, मग पवन्यात. दहाही जागा जुळल्या. जेसीबी आला, पण चर खणले ते फक्त त्या तीन उघड्या जागांच्या आसपास. लिंबाखाली काटेरी फांद्या टाकून जागा बंद केली. त्या फांद्या कडूबाईनं स्वतः आणल्या. बाकीचं गायरान तसंच राहिलं.

त्याला दोन वर्षं झाली. आता मी गावातच, ग्रामपंचायतीच्या भिंतीवर असते. बालाजीरावांनी प्रेमानं मला ऑइलपेंट फासला आणि माझे सगळे पट्टे बुजवले. धम्मशीलानं अर्धा दिवस घासून ते पुन्हा काढले. या माणसांना काय करावं, मला खरंच कळत नाही.

यंदा चिठ्ठीत पुन्हा लिंबाकडची जागा निघाली. कडूबाईला गुडघ्यावर बसवत नाही आता, तरी बसली. हरळी फुटली होती. तिनं बोटानं एकेक काडी वेगळी केली.

"दोन."

"चार-पाच लिवा की, मॅडम," बालाजीराव म्हणाले, "पुढच्या साली व्हतीलच."

"दोनच हायेत. दोनच लिव्ह, माय."

मित्रांनो, माझ्यासारखी एखादी जुनी चौकट तुमच्या गावी आली तर तिच्यासाठी रांगोळी काढू नका, हार आणू नका. तिला रंगही फासू नका. चिठ्ठी म्हणेल तिथं ठेवा, गुडघे टेका, आणि आत जेवढं असेल तेवढंच सांगा.