टॅबमधली वांगी

गेले चौदा महिने सोजराबाई नवऱ्याशी बोलत नव्हत्या. त्या फ्रिजशी बोलत. "वाढलंय म्हनावं," असं त्या फ्रिजला सांगत आणि सोपानराव मुकाट्यानं येऊन ताटावर बसत. "गोळी घ्या म्हनावं, मागनं छाती धरून बसायचं आन् आमची पळापळ." फ्रिज बिचारा जरा गुरगुरायचा आणि गप्प बसायचा. सोपानरावही तेच करायचे.

आता सोपानराव म्हणजे काही ऐरागैरा माणूस नव्हे. मोशीतलं जुनं शेतकरी घर, आणि तीस वर्षं जागेच्या धंद्यात मुरलेला गडी. इंद्रायणीपासून पार चाकणपर्यंत कुठला बांध कुणाचा, कुठल्या भावाचं कुठल्या भावाशी पटत नाही आणि कुठल्या बहिणीची सही राहिलीय, हे त्यांना झोपेतून उठवून विचारलं तरी सांगतील. त्यांची स्वतःची रानं एकेक करून गेली होती. आज नवरा-बायको सहाव्या मजल्यावर राहत होते, आणि ती इमारत उभी होती त्यांच्याच हरभऱ्याच्या तुकड्यात.

शेवटी उरली होती नदीकडची पट्टी, बावीस गुंठे. ती सोजराबाईंच्या नावावर होती, कारण म्हाताऱ्या सासऱ्याला आपला पोरगा चांगला ठाऊक होता. "ह्यो समदं इकून बसंल. येवढं तरी तुज्याकडं ऱ्हाऊ दे," असं म्हणून त्यानं ती सुनेच्या नावावर केली आणि मग डोळे मिटले. सोजराबाई तिथं वांगी करत. रोज सकाळी सोसायटीच्या फाटकातून खुरपं घेऊन बाहेर पडत आणि वॉचमन त्यांना सलाम ठोकायचा.

एके दिवशी सोपानराव म्हणाले, "चल, बँकेची केवायसी करायची हाय." सोजराबाईंनी ठेवणीतलं लुगडं नेसलं, कॅमेऱ्यापुढं बसून फोटो काढून दिला, मशीनवर अंगठा दाबला, दाखवतील तिथं सह्या केल्या आणि येताना उसाचा रस पिऊन घरी आल्या. आठव्या दिवशी वांगी तोडायला गेल्या तर वाफ्यात जेसीबी उभा. ड्रायव्हर चांगला होता. "मावशी, बाजूला व्हा, लागंल," म्हणाला.

त्या भांडल्या असत्या तर सोपानरावांना परवडलं असतं. आदळआपट, माहेरी जाते, जीव देते, सगळ्याची त्यांनी तयारी ठेवली होती. पण बाईनं तोंडातून अक्षर काढलं नाही. रिकाम्या टोपलीसकट घरी आली, फ्रिज उघडला आणि म्हणाली, "भाजीला काय न्हाई म्हनावं." तेव्हापासून जे सुरू झालं ते हे. दिवसभर साऱ्या गावाशी बोलून आलेल्या माणसाला घरात स्वतःची बायको अशी फ्रिजमार्फत भेटायची, आणि त्यांना ते आतून खात होतं. कुणाला सांगायची सोय नव्हती, कारण मग केवायसीचंही सांगावं लागलं असतं.

अशात एक गोष्ट घडली. आठव्या मजल्यावरची तनुजा, कंपनीत कामाला जाणारी पोरगी, लिफ्टमध्ये मोबाईलवर कसलासा खेळ खेळत होती. सोजराबाईंनी डोकावून पाहिलं तर त्यात शेत. सहावा मजला येईस्तोवर तिनं चार वांगी तोडलीसुद्धा. संध्याकाळी ही बातमी फ्रिजला कळली. "तनुजाच्या मोबाईलात वांगी येत्यात. आमच्या घरात मातीबी न्हाई आन् मोबाईलबी तसला न्हाई."

सोपानरावांचा घास हातातच राहिला. सौद्यात समोरची पार्टी काही मागेपर्यंत हलायचं नाही, आणि मागितलं की सोडायचं नाही, हे त्यांचं तीस वर्षांचं शिक्षण. चौदा महिन्यांत बाईनं पहिल्यांदा काहीतरी मागितलं होतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी गिऱ्हाइकाला जागा दाखवायचा टॅब काखेत मारला आणि ऑफिस गाठलं. टॅब जुना. त्यात हल्ली त्याची बॅटरीही टिकत नव्हती. दुपारी जेवून ते घरी तासभर आडवे व्हायचे, तेव्हा टॅब भरलेला असायचा. उठून बघावं तर निम्मा. बॅटरी गेलीय, असं त्यांचं निदान होतं.

ऑफिसात विजयश्रीबाई होत्या. पन्नाशीच्या, चिंचवडहून बसनं येणाऱ्या, शांत बाई. सोपानरावांची सगळी खरेदीखतं त्याच टाइप करायच्या, त्यामुळे मोशीचं निम्मं गाव त्यांच्या बोटांखालून गेलं होतं. नदीकडची पट्टीही.

"थेट नाही यायचा हा खेळ," टॅब उलटसुलट करून त्या म्हणाल्या. "टॅब म्हातारा झालाय, भाऊ. कॉम्प्युटरवर उतरवून घेते, मग केबलनं आत सोडू."

"सोडा की मंग."

केबल लावली तर टॅबनं विचारलं, या संगणकावर विश्वास ठेवायचा का?

"इस्वास?" सोपानराव म्हणाले. "धा वर्सं त्याच्यावरच खतं टाइप करतोय आपन. व्हय म्हना."

मग टॅब म्हणाला, हे ॲप अनोळखी ठिकाणाहून आलेलं आहे, धोका असू शकतो. सोपानराव खुर्ची ओढून जवळ आले. "अनोळखी पार्टी? टायटल क्लिअर हाय ना?"

"खेळाच्या कंपनीकडूनच घेतलाय."

"मंग हरकत न्हाई."

एवढं होऊन घोडं अडलं ते पुढच्याच पायरीवर. टॅबवर चौकट आली: जागा अपुरी आहे. विजयश्रीबाई खुदकन हसल्या. सोपानरावांना मात्र ते चांगलंच झोंबलं.

"मला सांगतोय ह्यो, जागा न्हाई? आवो, दुसऱ्याला जागा काढून देन्यात आमची हयात गेली."

"मग याचीही काढून द्या. व्हिडिओ फार झालेत."

व्हिडिओ एक्केचाळीस होते, सगळे प्लॉटचे. विजयश्रीबाईंनी मोठ्यात मोठा शोधला. नदीकडची पट्टी, चाळीस मिनिटं. सोपानरावांना आठवलं. बिल्डरला दाखवायला म्हणून चित्रण सुरू केलं आणि मध्येच फोन आला. टॅब बांधावर टेकवून ते बोलत राहिले आणि तो आपला चालूच राहिला.

"त्याचा सौदा झालाय. काढा त्यो," ते म्हणाले.

काढायच्या नादात बाईंचं बोट जरा इकडंतिकडं झालं आणि व्हिडिओ सुरू झाला. तोही पहिल्यापासून नाही, सव्विसाव्या मिनिटापासून, कुणी तिथवर पाहून थांबवला असावा तसा. आवाज पार शून्यावर. वांग्याच्या वाफ्यात पाठमोऱ्या सोजराबाई होत्या. वाकून फळं तोडत होत्या आणि टोपलीत टाकत होत्या. आपलं चित्रण चाललंय हे त्यांना माहीत नव्हतं. मग थोड्या वेळानं त्या ताठ झाल्या, कमरेवर हात ठेवून नदीकडं बघत राहिल्या, आणि पुन्हा वाकल्या.

"हा कोण बघतं?" विजयश्रीबाईंनी विचारलं. तो कधी कधी पाहिला याची टॅबवर यादीच होती. काल दुपारी पावणेतीन. परवा दुपारी अडीच. त्याच्या आदल्या दिवशी पावणेतीन.

सोपानराव त्या वेळी रोज घोरत असायचे. बॅटरीला काहीएक झालं नव्हतं.

त्यांना लाज वाटली. रजिस्ट्रारसाहेबासमोर बायको सह्या करत होती तेव्हा वाटली नव्हती, रिकामी टोपली घरात आली तेव्हाही त्यांनी ती वाटू दिली नव्हती. आवाज बंद करून आपली बायको आपल्याच घरात चोरून स्वतःची वांगी बघते, हे पाहिल्यावर मात्र त्यांना विजयश्रीबाईंकडं मान वर करून बघवेना.

"ह्यो ऱ्हाऊ द्या," ते म्हणाले. "बाकीचे काढा."

"बाकीचे म्हणजे कुठले?"

"समदे."

"भाऊ, उद्या चाकणची पार्टी येतीय. तिला दाखवणार काय?"

"जागेवर नेऊन दावू. जागा काय टॅबात असती व्हय?"

चाळीस प्लॉट एकामागून एक गेले. मग खेळ सुतासारखा सरळ आत शिरला. शेवटी अटींचं एक लांबलचक पान आलं आणि खाली बटण, मान्य आहे. सोपानरावांनी पानाकडं न बघता बटण दाबलं.

"वाचायचं नाही का?" विजयश्रीबाईंनी विचारलं.

"वाचतंय कोन, ताई."

विजयश्रीबाईंनी केबल गुंडाळून खणात ठेवली.

घरी आल्यावर सोपानरावांनी टॅब फ्रिजवर ठेवला आणि फ्रिजलाच सांगितलं, "आजपास्नं ह्यो तिचाच. वांगी हायत म्हनावं त्यात." बोलणी सुरू करायची तर समोरच्याच्या भाषेत करावीत, हाही धंद्यातलाच धडा.

वांगी लगेच मिळाली नाहीत. आधी गहू, मग स्ट्रॉबेऱ्या, मग कसल्या तरी गुबगुबीत गाई. सोजराबाईंची फ्रिजकडं तक्रार असायची. "गाईला शिंगं न्हाईत. खुरपायचं कुठं त्याचा पत्ता न्हाई. पानी द्यायला बोट लावायचं म्हनं." पण बाई हटली नाही. वांगी बाराव्या पायरीवर होती. एकोणिसाव्या दिवशी ती लागली. त्या दिवशी फ्रिजला सांगताना तिचा आवाज जरा हलका होता. सोपानरावांनी चष्मा पुसला आणि पेपर चाळत असल्याचं दाखवलं. आता आठवडाभरात गाडी रुळावर येते, असा त्यांचा हिशेब.

मग तो रविवार आला. ते सोफ्यावर बसले होते आणि सोजराबाई स्वयंपाकघरातून टॅब घेऊन आल्या. फ्रिज वाटेतच होता. त्याला ओलांडून त्या सरळ नवऱ्यापुढं येऊन उभ्या राहिल्या.

"काय लिवलंय?" त्या म्हणाल्या.

चौदा महिने झाले होते, वर दिवस वेगळे. सोपानरावांनी आधी फ्रिजकडं पाहिलं. मग त्यांनी वाचलं. अटी बदलल्या आहेत. खाली दोन बटणं, मान्य आणि अमान्य.

"काय न्हाई. न्हेमीचं असतंय," ते म्हणाले आणि सवयीनं बोट पुढं केलं.

सोजराबाईंनी टॅब छातीशी ओढला.

"वाचा."

"आगं, लई लांबडं हाय. कोनबी वाचत न्हाई."

"समदं वाचा. मागच्या बारीला न्हाई वाचलं."

सोपानरावांनी घसा खाकरला. पळवाट नव्हती. सोजराबाई शेजारी येऊन बसल्या, पदर सावरला, आणि ते वाचायला लागले. मराठी मशीननं केलेली होती आणि खरेदीखतापेक्षा अवघड. एकेका वाक्याला सोजराबाई "म्हंजी?" विचारायच्या आणि त्यांना फोड करून सांगावी लागायची. कुकरच्या तीन शिट्ट्या होऊन गेल्या. त्यांनी एक ओळ गाळायचा प्रयत्न केला तर "ही राह्यली" म्हणून बोट आलं. बायकोला सहीपुरती अक्षरओळख आहे असं ते समजत होते, आणि बाई तर मघापासून त्यांच्याबरोबरीनं वाचत होती.

"'खेळातील जमीन ही वापरकर्त्याच्या मालकीची नसून, कंपनीने ती केवळ वापरण्यास दिलेली आहे.'"

"म्हंजी?"

"म्हंजी शेत आपलं न्हाई. कसायला दिल्यालं हाय निस्तं."

"मी कूळ व्हय मंग?"

"तसंच म्हनायचं."

"फुडं."

"'कंपनी कोणत्याही वेळी, पूर्वसूचना न देता, ही जमीन परत घेऊ शकेल.'" सोपानराव थांबले. त्यांना पुढची फोड करवेना. "म्हंजी..."

"ते कळलं," सोजराबाई म्हणाल्या.

राहिलेली तीन पानं त्यांनी कशीबशी संपवली. तीस वर्षांत त्यांनी किती जणांच्या सह्या घेतल्या याची गणती नव्हती, पण पुढचा प्रश्न त्यांनी कधी कुणाला विचारला नव्हता. तो ते आधीच टाइप करून आणायचे, उत्तरासकट.

"मान्य हाय का तुला?" त्यांनी विचारलं.

सोजराबाईंनी टॅबकडं पाहिलं. वांगी तोडायला आली होती.

"न्हाई," त्या म्हणाल्या, आणि स्वतःच्या बोटानं अमान्य दाबलं.

शेत गेलं. गाई गेल्या, वांगी गेली, पडदा कोरा झाला. सोपानराव अर्धवट उठले. "आगं, काय केलंस ह्ये? येवढ्या म्हेनतीचं समदं गेलं की."

"जाऊ द्या," सोजराबाई म्हणाल्या. "इचारलं तरी."

त्यांनी टॅब चार्जिंगला लावला आणि आत जाता जाता वळून त्यांच्याकडं पाहिलं.

"वाढते. हात धुऊन या."